खडा

शिरोड्याच्या सोसायटीत मिळाला,
अर्ज भरून, अंगठा देऊन.
लेबल: भिवा आजगावकर, मयत.
खडीसाखरेएवढा,
आत त्याचं सगळं बोलणं.

कानामागे टेकवला की
"गो, वारो फिरलो" म्हणायचा,
मग बराच वेळ नुसता
मिठावर फळी ओढल्याचा आवाज,
आणि एक नाव,
जे आमच्या घरात कुणाचंच नाही.

"ओल लागू देऊ नका," साहेब म्हणाला होता.
ओल! इथे आषाढात काडी पेटत नाही.
मी आपला तांदळाच्या डब्यात पुरला.
कुणाला सांगितलं नाही.

शुक्रवारी सुनेनं पेज शिजवली.

मीठ बेताचंच होतं.
धाकटी मात्र जेवता जेवता थांबली,
दाराकडे बघत म्हणाली,
"चंपावती इली."