शिवणीतली माया

व्हेनान्सिउ कारापेतु पहिल्यांदा दुकानात आला
तेव्हा त्याच्या अंगाला सार्डिनचा वास होता.
आई कॅनरीत डबे भरायची.
सेतुबालमध्ये तेव्हा सगळ्यांनाच तो वास असायचा,
त्यामुळे कुणालाच यायचा नाही.
म्हणाला, छातीचं माप दोनदा घ्या,
एकदा श्वास सोडून, एकदा भरून.
मी वहीत लिहिलं : शहाऐंशी. चौऱ्याण्णव.
आठ सेंटिमीटर नुसती हवा.
कोट उधारीवर दिला,
शिवणीत चांगली दोन बोटं माया ठेवली.
पोरगा अजून भरणार होता.

लोक त्याच्या तबकड्या जपतात. माझ्याकडे ती वही आहे.

चौसष्ट साल : चमकीचं जाकीट.
लिस्बनच्या थिएटरात तिसऱ्या रांगेत उभा,
वाट्याला एक ओळ, तीही टोपी काढता काढता.
सहासष्ट : काळा सूट, फादूसाठी.
फादू गाताना हात खिशात घालतात,
म्हणून खिसे खोल, मनगटापर्यंत.
सदुसष्ट : पांढरी विजार. साबणाची जाहिरात.
त्या अर्ध्या मिनिटानं माझी सगळी उधारी फेडली.
माझी एर्मेलिंदा चादरी पिळताना तेच गुणगुणायची,
फादू नाही.
मी हे त्याला सांगितलं, वाटलं हसेल.
म्हणाला, सगळ्यात जास्त दिवस
मला तीच चाल बांधायला लागले.

एकाहत्तरात त्याला अस्तराच्या आत एक खिसा हवा होता.
कशाला, ते मी विचारलं नाही.
बाजूच्या टेबलावर आफ्रिकेला निघालेल्या पोरांचे
गणवेश पडले होते, सगळेच ढगळ, आत घ्यायचे.
त्यांतले काही पुन्हा ढिले करायला कुणी आणले नाहीत.
मी फक्त रुंदी विचारली.
चार घड्यांचा कागद मावेल एवढी, म्हणाला.
त्या कागदावरचे तीन शब्द
सेन्सॉरच्या निळ्या पेन्सिलीनं खाल्ले.
तिथं तो शीळ घालायचा,
आणि सबंध थिएटर तोंड मिटून ते तीन शब्द म्हणायचं.

मग तो एप्रिल.
सगळं गाव रस्त्यावर, आणि हा ट्रकच्या टपावर,
स्वेटर घालून.
दोन वर्षं दुकानाकडे फिरकला नाही.
माझा राग क्रांतीवर नव्हता, स्वेटरवर होता.

परतला तो खेकडा होऊन.
मुलांचा टीव्ही, दर शनिवारी सकाळी.
लाल मखमल, दहा पाय, त्यांतले चार त्याचे.
पेपरवाल्यांनी लिहिलं, कारापेतु संपला.
आज बँकेतले टकले साहेब
त्याला पाहून खुर्चीतून उठतात
आणि दोन्ही हातांच्या नांग्या करतात.

आई गेली तेव्हा त्यानं मिसा रचली,
सोळा आवाजांची,
मधे एका जागी कॅनरीचा भोंगा, खराखुरा.
पाद्री कुरकुरला. बायकांनी मात्र
भोंगा वाजताच सवयीनं पदर, म्हणजे एप्रन, चाचपले.
स्वतः तो गायला नाही. मागच्या बाकावर बसला होता,
तो पहिला कोट घालून, बटणं न लावता.
लावता येतच नव्हती. माया केव्हाच सरली होती.

सिनेमे मी मोजले नाहीत. सिनेमावाले शिंपी स्वतःचे आणतात.

वहीत पुढं आकडे जवळ जवळ येत जातात.
एकशे चार, एकशे दहा.
एकशे सहा, एकशे दहा.
मग दोन्ही उतरायला लागतात.

परवा आला. काठी दाराशी ठेवली.
मला आता सुईचं नेढं दिसत नाही,
नात सकाळी दहा सुया ओवून ठेवते, त्या पुरवतो.
त्यानं हात वर केले, सवयीनं.
श्वास सोडला. मग भरला.
टेप मी जरा सैल धरली.
तीन, मी म्हणालो.
खोटं बोलतोस, तो म्हणाला, पण लिही.
आणि काउंटरवर बोटांनी ठेका धरला,
थांबला, पुन्हा धरला,
दोन मात्रांनंतर एक मोकळी सोडून.
तिनात बसेल असं काहीतरी बघतो, म्हणाला.
कोट कधी देतोस?