राखीव आवाज

अंतिम फेरीच्या चार दिवस आधी
आम्हा दोघींकडूनही गाऊन घेतलं होतं
विजेतीचं गाणं.
सकाळी पिरित्ता, दुपारी मी.
तीच काचेची खोली, तेच हेडफोन,
तिच्या कानांची ऊब अजून त्यांत होती.
कोण जिंकणार ते ठरलं नव्हतं,
जिंकल्याचा आनंद मात्र ठरला होता:
तीन मिनिटं अकरा सेकंद,
शेवटच्या कडव्याला पट्टी अर्ध्या सुराने वर.

रविवारी चंदेरी कागदाचे तुकडे पडले
तिच्या केसांवर.
दोनचार माझ्याही खांद्यावर, पंख्याच्या वाऱ्याने आलेले.
मी तिला मिठी मारली, कॅमेऱ्याला हवी तेवढा वेळ,
आणि मग थोडी जास्त.
"मिर्वा, बुटात रक्त आलंय माझ्या,"
ती कानात म्हणाली.
विजेतीचं पहिलं वाक्य.
ते कुणी रेकॉर्ड केलं नाही.

केमीच्या कागद कारखान्यात
तिच्या बापाच्या पाळीने म्हणे यंत्र थांबवलं वीस मिनिटं.
बंदरावर तिच्या नावाचा बाक आला, पितळी पाटीसकट.
त्या उन्हाळ्यात, रात्री बारालाही ऊन असताना,
कुठल्याही उघड्या खिडकीतून तीच.
दाताच्या डॉक्टरकडे तोंड वासून पडले होते
तेव्हाही तीच,
आणि मध्ये ड्रिल सुरू झालं तर बरं वाटलं मला.
खोटं कशाला बोलू.

दुसरा अल्बम कुणी घेतला नाही.
तोवर नवा विजेता आला होता, टोपीवाला,
ज्याला नीट रडता यायचं.
कंपनीने तिला फोन केला नाही, पत्रही नाही,
तिच्याच फोटोंचं खोकं कुरियरने परत पाठवलं.
चौदाशे फोटो, सहीची जागा कोरी.
तिची आई अजून त्यांच्या पाठीवर
दूध, राय, दिव्याचा बल्ब, असं लिहिते.

मग मॉलची उद्घाटनं. ट्रॅक्टरचं प्रदर्शन.
एक लग्न, दीड वर्षाचं.
घशाचं ऑपरेशन, त्यानंतर अडीच महिने
ती पाटीवर लिहून बोलायची
आणि भांडणात खडू मोडायची.
हे सगळं मला वाचून माहीत.
मी कुओपियोत गाडी शिकवते.
बर्फावर चाक घसरलं की ब्रेक दाबायचा नाही,
हे दिवसातून आठदा सांगते.

नोव्हेंबरात तुर्कूहून स्टॉकहोमला जाताना
बोटीच्या सातव्या मजल्यावर तिचं पोस्टर दिसलं.
बिंगोनंतर, साडेदहाला.
समुद्र तिरका होत होता, ग्लास टेबलावरून सरकत होते,
कुणीतरी ओरडलं, "ते गा, ते!"
तिने गायलं.
शेवटच्या कडव्याला वाद्यं वर चढली नाहीत,
तिच्यासाठी खालीच थांबली, जिन्यात म्हाताऱ्यासाठी थांबावं तशी.
पण मी चढले.
ओठातल्या ओठात, टेबलाशी, कोट मांडीवर घेऊन.
तिने अंधारात नेमकं माझ्याकडे पाहिलं.

"तुझं ते आहे अजून?" नंतर तिने विचारलं,
नमस्कार नाही, काही नाही.
मी म्हणणार होते, नाही.

सकाळी बोट धक्क्याला लागता लागता
आम्ही तळमजल्यावर माझ्या गाडीत बसलो,
छपरावर शिकवणीचा पिवळा त्रिकोण.
सीडी ग्लोव्ह बॉक्समध्ये होती, विम्याच्या कागदांखाली,
मी गाडी बदलली तेव्हाही तिथेच हलवलेली.
आम्ही ऐकलं. पहिल्यांदाच,
तिनेही आणि मीही.
तेवीस वर्षांची मी जिंकल्याबद्दल सगळ्यांचे आभार मानत होते.
पिरित्ता डोळे मिटून, नखाने गुडघ्यावर ताल धरून.
पट्टी बदलली तिथे म्हणाली,
"इथे श्वास चोरलास."
"हो."
"मीही चोरला होता. माझा त्यांनी भरून काढला."

समोरचं भलंमोठं दार उघडलं, थंडी आत आली,
मागचे ट्रक हॉर्न वाजवायला लागले
आणि एवढ्या वर्षांत पहिल्यांदा
क्लच सुटून गाडी बंद पडली माझी.
"असू दे," ती म्हणाली, "अजून वीस सेकंद आहेत."