सहावी दाढ

रविवारी लॅब बंद. शाहूपुरी तिसऱ्या गल्लीत
प्लास्टरचे जबडे फळीवर तसेच ठेवून
मी कागलची एसटी धरली.
दूधगंगेच्या वळणावर, वाळूच्या जुन्या खाणीत
हाडं सापडतायत म्हणे,
आणि शेजारच्या बंद गुऱ्हाळात त्यांचं म्युझियम.

तिकीट वीस रुपये. चिमणी अजून उभी.
चुलाणाच्या खड्ड्यावर काच टाकलीय,
काचेखाली रानरेड्याचं शिंग.
भिंतींना गुळाचा वास तसाच,
मुंग्यांना कुणी सांगितलेलं नाही
की इथं आता सगळं दगडाचं आहे.

पाटीवर लिहिलंय: चाळीस हजार वर्षं, अंदाजे.
त्या 'अंदाजे'पाशी मी अडलो.
आमच्या धंद्यात अंदाज चालत नाही,
कागदाएवढा उंचवटा राहिला
तरी दुसऱ्या दिवशी डॉक्टरांचा फोन:
पेशंटला टोचतंय.

मागच्या दारानं बाहेर पडलं की खणती.
सुतळीनं आखलेले चौकोन,
वर रोपवाटिकेची हिरवी जाळी,
आणि उकिडव्या बसून तानूबाई मगदूम
अर्ध्या इंचाच्या ब्रशनं माती झाडतायत.
दिवाळीपर्यंत वीटभट्टीवर होत्या.
"तितं दिसाला हजार थापायच्या," म्हणाल्या,
"हितं दिसभरात तळहाताएवढं उघडलं
तर सायेब च्या पाजतोय."
मग सरकल्या जरा, मला जागा केली.

मातीत दाढ होती.
हत्तीची. टाकी लावलेल्या पाट्यासारखी,
म्हणजे कधीकाळी लावलेल्या.
आता कंगोरे सगळे गेलेले,
बोट फिरवलं असतं तर कुठंच अडलं नसतं.
रोज मला प्लास्टरचीच तोंडं भेटतात.
हे पहिलंच, खरं.

हत्तीला सहा वेळा दाढा येतात, साहेब सांगत होता,
जुनी झिजली की मागची पुढं सरकते,
सहावीच्या मागं कुणी नसतं.
मी पाहिलं. नव्हतंच कुणी.
गवत तेव्हा पोटाला लागत असेल,
नदी ही अशी हाकेवर,
आणि हा उभा, तोंडात घोळवून घोळवून
हिरवे बोळे बाहेर टाकत.

आमचे अण्णा शेवटच्या वर्षी
भाकरी दुधात कुस्करायचे, तीही अर्धी.
मी चारदा कवळी करून दिली.
चारही वेळा जेवायला बसले
की काढून रुमालात, रुमाल खिशात.
"झ्याक झालीया रं," म्हणायचे,
"पर जेवती ती. मी न्हाई."
चौथी अजून माझ्या ड्रॉवरमध्ये आहे,
एक ओरखडा नाही तिच्यावर.

"तुमी दातांचंच करता न्हवं?" तानूबाईंनी विचारलं,
"मग सांगा की, कशानं गेला ह्यो?"
उपाशी, हा शब्द ओठांपर्यंत आला होता.
"वय झालं होतं," मी म्हणालो.
त्यांनी मान डोलावली,
ब्रश पाण्यात बुडवला, झटकला,
आणि दाढेच्या कडेनं असा फिरवला
जसं आजाऱ्याचं तोंड पुसतात.

निघताना साहेबानं विचारलं, साचा काढून द्याल का?
शाळेच्या पोरांना हातात घेता येईल.
देतो म्हणालो. बुधवारी येतो.
प्लास्टर किती लागेल?
मी खड्ड्याकडं पाहिलं. माझ्या मापाची भांडी
वाटीएवढी.
"एक पोतं," म्हणालो. "अंदाजे."

कागल स्टँडवर भडंगची पुडी घेतली,
एसटीला वेळ होता.
डाव्या बाजूनं चावत बसलो.
उजवीकडची, शेवटची, महिन्यापासून दुखतेय,
कुणाला सांगितलेलं नाही.