खिडकी क्रमांक एकशे बारा

मी माणसं डब्यांवरून ओळखते.
निळा, झाकणाला सायकलच्या ट्यूबची पट्टी : म्हातारे ल्खाग्वाजाव.
पांढरा, तळातून झिरपणारा : रात्रपाळीची शिवणकामवाली,
दर खेपेला म्हणते उद्या नवा घेते.
चार हिवाळे झाले.

उलानबातरच्या उत्तरेला, जिथून बस वळून परत जाते
आणि टेकडी मात्र तशीच वर चढत राहते,
तिथे माझी पाण्याची खोली. खोली कसली, खिडकी.
आत नळ, बाहेर रांग.

मार्चमध्ये नवा डबा आला.
दुधाचा, अॅल्युमिनियमचा, कडीत लोकर अडकलेली.
रांगेत सगळे पुढच्याच्या पाठीकडे बघतात,
हा डोंगर न्याहाळत होता, काहीतरी हरवल्यासारखा.
'कुठून?'
'झावखान.'
मग डबा भरत आल्यावर, 'चारशे होत्या.'
पुढे विचारायचं नसतं.
त्या हिवाळ्याचं नाव आम्ही जेवताना काढत नाही.

पुरेवदोर्ज. बायको नामजिल्मा. मुलगी सात वर्षांची, खोंगोर्झुल.
अख्खं बिऱ्हाड एका ट्रकमधून आलं,
लाकडी जाळ्या, छताचं कडं, बुरणुसाच्या गुंडाळ्या,
आणि कुणाच्या तरी कुंपणात, महिन्याच्या भाड्यावर,
दुपारच्या चहाआधी उभंही राहिलं.
तेवढं त्यांना येत होतं.
दार दक्षिणेलाच हवं, तसं ठेवलंही.
दक्षिणेला शेजाऱ्याचं कुंपण.
दार उघडलं की हातभर अंतरावर
कुणाच्या मोडक्या पलंगाची पाठ, फळ्यांमध्ये ठोकलेली,
तिच्यावर कोरलेले दोन हंस.
नामजिल्मा म्हणाली, रोज सकाळी
मी दुधाचा पहिला शिंतोडा आभाळाला द्यायला बाहेर येते
आणि तो हंसांवर पडतो.

कचेरीत सांगितलं, नवी नोंदणी बंद.
शाळेत सांगितलं, नोंदणी नाही तर निदान पत्ता आणा.
अर्ज माझ्याच फळीवर पसरला होता, कडा ओल्या झालेल्या.
'काय लिहू?' त्याने विचारलं.
त्याला पत्ता म्हणजे नदीचं वळण, दोन खडक,
आणि पुढे सरळ, कुत्रं भुंकेपर्यंत.
मी पेन घेतलं.
खिडकी क्रमांक एकशे बारा.
खोटं होतं. पण अक्षर छान आलं.

नोव्हेंबरात कोळशाचा धूर उतरला.
ज्याला चारशे मेंढ्या तोंडावरून ओळखू यायच्या
त्याला इथली कुंपणं एकासारखी एक.
बांधकामावरून सुटला की चुकायचा.
एकदा दोन तास फिरला, भलत्याच दारात उभा राहिला,
आतल्या बाईने काही न विचारता चहा दिला,
आणि तो इतका शरमला की चहा अर्धाच प्यायला.
हे मला त्याने नाही, त्या बाईने सांगितलं.
तीच ती, झिरपणाऱ्या डब्याची.

तेव्हापासून मी बंद करून जाताना दिवा मालवत नाही.
पिवळा आहे, चाळीसचा, धुरात लोण्याच्या गोळ्यासारखा दिसतो.
वरच्या साहेबांनी वीजबिलाचं विचारलं.
म्हटलं, नळी गोठते.
नळी गोठतेच म्हणा.

आता एकशे बारा नंबरवर पाच मुलं राहतात, कागदावर.
खोंगोर्झुलच्या आजीचं टपालही इथेच आलं,
फडक्यात शिवलेला वाळवलेला चक्का, दगडासारखा,
चिठ्ठी नाही.
मी एक तुकडा घेतला. टपाल सांभाळल्याचा.

कधीतरी मोजणीवाला येईल, वही उघडेल, डोकावेल,
एवढ्या जागेत पाच मुलं झोपतात कुठे, विचारेल.
अजून उत्तर सुचलेलं नाही.
तोवर रांग आहे. आज सगळ्यात शेवटी
एक रंगाचा डबा, धुतलेला, पण हिरवा वास न गेलेला.
धरणारी खूप लहान आहे. डोंगराकडे बघते आहे.