एकोणतीस फूट

उझुमासाच्या स्टुडिओत फिल्म डकवायला लागले
तेव्हा मी सोळा वर्षांची.
पांढरे सुती हातमोजे, चिकटद्रवाची बाटली,
तिचा पिकल्या केळ्यासारखा वास
घरी भात खातानाही बोटांना यायचा.
हिसामात्सु-सान कापायचे, मी जोडायची.
एवढंच नातं. एकवीस वर्षं.

लोक सांगत, पूर्वी ते कॅमेऱ्यावर होते.
नोतोच्या किनाऱ्यावर मीठ ओढणाऱ्या बायकांवर
हवं तसं ऊन पडेना म्हणून तीन दिवस थांबले.
नट चिडून क्योतोला परतला, हे वाळूत बसून.
हाताने हँडल फिरवायचा तो काळ. सेकंदाला दोन फेरे, एक फूट फिल्म.
चाल बिघडू नये म्हणून ओठांतल्या ओठांत पुटपुटायचे,
आई जात्यावर सोबा दळताना म्हणायची, ते काहीतरी.

मी पाहिला तो नुसता कात्रीवाला माणूस.
दिग्दर्शकाचा जीव अडकलेलं दृश्य
मेणाच्या पेन्सिलीने खूण करून खाली सोडून देत.
"सुंदर आहे," म्हणत. "म्हणून तर संशय येतो."

एकदा जेवताना विचारलं, कॅमेरा का सोडलात?
मुळ्याचं लोणचं चावत होते, नेहमीसारखं उजव्याच बाजूने.
"सोडला नाही. काढून घेतला."
आणि पुन्हा चावणं.

उरलेलं तुकड्यातुकड्यांनी, दोनतीन हिवाळ्यांत.
मीच जोडलं, सवयीने.
उत्तर चीनमधली एक नदी. काठावर रांगेत उभी केलेली माणसं.
अधिकाऱ्याने हात वर केला,
यांनी हँडल फिरवायला घेतलं,
भिंगावरचं झाकण न काढताच.

चुकून?

"ऊन फार छान होतं त्या दिवशी," म्हणाले.
"नोतोलाही तसं मिळालं नव्हतं."

फिल्म धुतल्यावर कळलं सगळ्यांना.
डावीकडचे तीन दात गेले, आणि रवानगी कापायच्या खोलीत.
"मी शूर नव्हतो हं, ओतोए.
फिल्मने पाहिलं नाही, एवढंच.
मी पाहिलं.
आणि थांबलं तर काहीच नाही."

ते गेल्यावर भाचीने चहाचा एक डबा आणून दिला.
आत गुंडाळी. कधी छापायला न दिलेली.
मी हातमोजे शोधले. लग्नातल्या किमोनोखाली सापडले.
खिडकीशी पट्टी धरली.
काही नाही तिच्यावर. ओरखडे,
कडेला एका अंगठ्याचा ठसा,
बाकी पाण्यासारखी आरपार.

पलीकडे शेजारणीचं पर्सिमनचं झाड,
कठड्यावर वाळत घातलेली गादी,
साखळी पडलेली सायकल ओढत नेणारा एक पोरगा.

सेकंदाला एक फूट, या चालीने सरकवत गेले.
कुणाचं तरी जातं ओठांवर आलं.
एकोणतीस फूट संपले
तरी पोरगा अजून कोपऱ्यापर्यंत पोचला नव्हता.