एकसष्टावा हप्ता

सूरच्या किनाऱ्यावर रात्रपाळीत
मी समुद्रातून मीठ काढतो.
काढतात पंप. मी आकडे बघतो.
शंभर लिटर खारं आत गेलं
की चाळीस लिटर गोडं हाती लागतं.
बाकीचं, आणखी खारट होऊन,
मागच्या नळानं परत समुद्रात.

आज पहाटे तीनला, चहा निवत असताना,
बँकेचा तक्ता पहिल्यांदा नीट उघडला.
पाच वर्षं मेलमध्ये पडून होता,
ज्या लग्नाला जायचं नाही
त्याच्या पत्रिकेसारखा.

हप्ता चौतीस हजार सातशे तेरा.
पहिल्या महिन्यात व्याज अठ्ठावीस हजार तीनशे तेहतीस,
मुद्दल सहा हजार तीनशे ऐंशी.
चष्मा पुसून पुन्हा वाचलं.
आमचं यंत्र बँकेपेक्षा दयाळू निघालं.

साठ हप्ते भरले.
एक्स्चेंजच्या रांगेत साठदा उभा राहिलो,
रुपया घसरला की आम्ही सगळे तिथे
थोडे थोडे हसायचो,
देश घसरल्यावर हसू नये हे कळूनही.
वीस लाख ब्याऐंशी हजार गेले.
चाळीस लाखांतले फिटले पावणेपाच.

मध्यंतरी बँकेचा मेसेज आला होता:
दर पाऊण टक्का वाढला, हप्ता मात्र तोच राहील.
मी अनघाला फोन करून सांगितलं,
काळजी नको, हप्ता तोच आहे.
त्या रात्री आम्ही दोघंही छान झोपलो.
तक्त्याच्या तळाशी आता
दोनशे चाळीसच्या जागी दोनशे एकोणसाठ.
एकोणीस महिने कुणी न विचारता
माझ्या साठीला आणून चिकटवले.

शेजारच्या टेबलावर इब्राहिम परकार, खेडकडचा.
व्याज नको म्हणून त्यानं कर्जच काढलं नाही.
एका सुट्टीत पाया, एका सुट्टीत भिंती,
एका सुट्टीत नुसत्याच परवानग्या.
सव्वीस वर्षं झाली, वरच्या खिडक्यांना अजून पोती.
त्यानं विचारलं, तुझं किती राहिलं?
मी म्हटलं, पस्तीस लाख. तुझं?
म्हणाला, एक जिना.
हसला. मग हसायचा थांबला.
त्याची मुलगी त्या जिन्याच्या आधीच
लग्न होऊन गेली.

माझं घर रत्नागिरीत, दुसऱ्या मजल्यावर,
गॅलरीतून उभं राहिलं तर समुद्राची एक पट्टी दिसते,
असं ब्रोशरमध्ये होतं.
त्या घरात मी आजवर अकरा रात्री झोपलो.
मोजल्या. शेवटची तापात गेली, तीही धरून.
वीस लाख ब्याऐंशी हजार भागिले अकरा
हा हिशेब केला, पण अनघाला सांगणार नाही.

काल भाडेकरूनं फोटो पाठवला,
सिंकखाली ओल आली आहे, प्लंबरचे किती द्याल?
ओल दिसली.
तिच्याशेजारी दाराच्या चौकटीवर
पेन्सिलच्या रेघा दिसल्या, एकावर एक,
आणि सगळ्यात वर: ओजस, सत्त्याण्णव.
माझ्या पोरीची उंची इथल्या फ्रिजवर मोजलेली आहे,
आणि फ्रिज मालकाचा आहे.
खाली भाडेकरूनं लिहिलं होतं,
रंगारी येणारच आहे, चौकट पण मारून घेऊ का?

अगदी शुद्ध पाणी नुसतं सोडून चालत नाही,
ते पाइपच खात सुटतं.
म्हणून शेवटी त्यात चुना घालतात.
परकार म्हणतो, चुना तर सगळेच लावतात,
आपण निदान मापात घालतो.

सहाचा नमुना घेतला. नियमात नाही,
तरी एक घोट पिऊन पाहिला.
गोडं होतं. फारशी चव नव्हती.
मग भाडेकरूला उत्तर लिहिलं:
प्लंबरचे देतो.
चौकट राहू द्या.