गनीभाई, वरूड

नकाशा कुठल्याशा थंड मुलखातून आला होता,
मेणकागदात गुंडाळून.
छताचा उतार इतका उभा
की झिंगरू मिस्त्रीनं विडी विझवून विचारलं,
"याच्यावरून घसराचं काय हाय, साहेब?"
"बर्फ," म्हणाले पाळक एलिया खंडारे,
आणि दोघं बराच वेळ हसत राहिले.
त्या दिवशी पारा शेहेचाळीसवर होता.

जुनं कौलारू चर्च वाळवीनं नेलं.
उरली घंटा, आणि बाप्तिस्म्याचं दगडी पात्र;
मधली दोन वर्षं त्यात
सलोमी आजीची कोंबडी अंड्यांवर बसायची.

सेंट्रिंगला सागवान परवडेना.
मंडळीनं संत्र्याच्या मोडक्या पेट्या आणल्या,
खिळे उपटले, फळीला फळी जोडली,
आणि वर काँक्रीट ओतलं.
एकवीस दिवसांनी फळ्या निघाल्या
तेव्हा छताला लाकडाच्या गाठी, रेषा,
आणि वेदीच्या बरोबर वर
पेटीवर डागलेलं व्यापाऱ्याचं नाव,
उलटं, उठून आलेलं.
तेव्हा प्लास्टरला पैसे नव्हते.
पुढे आले, तर बायांनी करू दिलं नाही.

मी तिथंच अक्षरं लावायला शिकले.
उपदेश लांबला की मान वर,
उजवीकडून डावीकडे:
गनीभाई, वरूड.
कितीतरी वर्षं मला वाटायचं
यशया, यिर्मया यांच्यानंतर
एक गनीभाई नावाचे संदेष्टे होऊन गेले.

बर्फ काही पडलेला नाही अजून.
माकडं मात्र घसरतात,
एकामागे एक, धाडधाड,
नेमकी पापांगीकाराच्या वेळी.
पाळक थांबतात.
शेवटचं उतरेपर्यंत
सगळी मंडळी डोळे मिटून मोजत असते.